रिपोर्टवर ‘प्रॉक्टोपॅथी’ लिहिलंय, म्हणजे नेमकं काय?

मामीच्या रिपोर्टच्या दुसऱ्या पानावर, सही-शिक्क्याच्या जरा वर, एक ओळ ठळक छापलेली होती: ‘क्रॉनिक रेडिएशन प्रॉक्टोपॅथी’. मामांनी चष्मा कपाळावर चढवला, कागद डोळ्यांजवळ नेला आणि मला विचारलं, “अगं, ही कुठली पॅथी म्हणायची? अ‍ॅलोपॅथी बंद करून आता दुसरं काही सुरू करा म्हणतायत का?”

मामी काहीच बोलली नाही. पाच महिने शौचाच्या वेळी रक्त जात होतं आणि पाचही महिने ती ‘मूळव्याध असेल’ असं स्वतःलाच समजावत मलम लावत होती. त्याआधी साधारण वर्षभरापूर्वी गर्भाशयाच्या मुखाच्या कॅन्सरसाठी तिने रेडिएशन घेतलं होतं. या दोन गोष्टींचा एकमेकींशी संबंध असेल, असं तिच्या मनातही आलं नव्हतं. तसं कुणी सांगितलंही नव्हतं.

रुग्णांसाठीची माहितीपत्रकं मराठीत आणायचं काम मी गेली बरीच वर्षं करते आहे. त्यामुळे हा शब्द माझ्या ओळखीचा होता. पण मामांच्या प्रश्नाला एका वाक्यात उत्तर देता येईना, आणि तेव्हाच कळलं की हा शब्द नीट उलगडून सांगायला हवा. इतर अवघड शब्दांबद्दल लोक निदान चारजणांना विचारतात. हा शब्द ज्या अवयवाबद्दल आहे, त्याचं नावही घरात मोठ्याने घेतलं जात नाही.

‘पॅथी’ म्हणजे उपचार की आजार?

मामांची चूक नव्हती. मराठीत ‘पॅथी’ हा शब्द सुटा वापरला जातो आणि त्याचा अर्थ उपचारपद्धती असाच होतो. ‘तुमचा विश्वास कुठल्या पॅथीवर?’ असं आपण सहज विचारतो. होमिओपॅथी, अ‍ॅलोपॅथी, निसर्गोपचाराची पॅथी या सगळ्यांत तो शब्द ‘मार्ग’ अशा अर्थाने कानावर पडतो. संस्कृतातला ‘पथ’ जवळच असल्यामुळे तो अर्थ आणखी पक्का बसतो.

मुळात मात्र हा ग्रीक ‘पॅथॉस’ आहे. पॅथॉस म्हणजे सोसणं, भोग, दुखणं. होमिओपॅथी हे नाव सॅम्युअल हानेमान यांनी एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला रूढ केलं, तेव्हा त्यांना ‘सारखं दुखणं’ असंच म्हणायचं होतं: ज्या पदार्थाने निरोगी माणसात जशी लक्षणं दिसतात, तशाच लक्षणांच्या आजारावर तो पदार्थ द्यायचा, ही त्यांची कल्पना. म्हणजे तिथेही ‘पॅथी’चा अर्थ दुखणंच होता. वापरता वापरता तो उपचाराला जाऊन चिकटला.

अवयवाच्या नावापुढे ‘पॅथी’ आलं की ते आजाराचं नाव असतं, एवढं लक्षात ठेवलं तरी अर्धं काम झालं. मधुमेह असलेल्या घरांत हे शब्द ओळखीचे असतात. डोळ्याच्या पडद्याला इजा झाली की रेटिनोपॅथी, नसांना झाली की न्यूरोपॅथी, मूत्रपिंडाला झाली की नेफ्रोपॅथी. हृदयाच्या स्नायूचा आजार म्हणजे कार्डिओमायोपॅथी. त्याच रांगेतली ही प्रॉक्टोपॅथी.

‘प्रॉक्टोस’ हा ग्रीक शब्द शरीराच्या मागच्या द्वारासाठी होता. वैद्यकात तो वरच्या भागापर्यंत, म्हणजे गुदाशयापर्यंत ताणला गेला. म्हणून प्रॉक्टोपॅथी म्हणजे गुदाशयाचा, आणि सैल वापरात गुदद्वाराचाही, कोणताही आजार. ‘कोणताही’ या शब्दावर जोर आहे. परीक्षेवर देखरेख करणाऱ्या ‘प्रॉक्टर’शी मात्र या शब्दाचं काही नातं नाही. तो लॅटिनमधून आला आहे आणि त्याचा अर्थ कारभार पाहणारा प्रतिनिधी.

ती जागा नेमकी कुठे असते?

मोठं आतडं पोटात उलट्या ‘यू’सारखं फिरून खाली येतं. त्याचा शेवटचा १२ ते १५ सेंटिमीटरचा तुकडा म्हणजे गुदाशय. काहीजण त्याला मलाशय म्हणतात. त्याच्याखाली तीन-चार सेंटिमीटरची गुदनलिका आणि तिच्या टोकाला गुदद्वार.

गुदाशयाला इंग्रजीत जे नाव आहे ते लॅटिन ‘रेक्टम’, म्हणजे ‘सरळ’. माणसाचा गुदाशय काही सरळ नसतो. तो माकडहाडाच्या आतल्या बाकाला धरून वळतो. हे नाव प्राचीन शरीरशास्त्रज्ञांकडून आलं आणि त्यांनी विच्छेदनं केली ती बहुतेक प्राण्यांची, ज्यांच्यात हा भाग बऱ्यापैकी सरळ असतो. चुकीचं नाव दोन हजार वर्षं टिकलं.

या छोट्या तुकड्याचं काम मला नेहमी थक्क करतं. एरवी तो बहुतेक रिकामाच असतो. वरून काही आलं की तो ताणला जातो आणि मेंदूला निरोप जातो. आलेला वायू आहे, पातळ आहे की घट्ट, हे त्याच्या खालच्या टोकाला, गुदनलिकेच्या वरच्या भागात ओळखलं जातं. मगच दार उघडायचं की आवळून धरायचं हे ठरतं. वाड्याच्या देवडीवर बसलेल्या जाणत्या पहारेकऱ्यासारखं हे काम आहे. आलेला कोण, हे पाहिल्याशिवाय कडी काढायची नाही.

हा पहारेकरी बिघडला की काय होतं, ते आता सहज समजेल. आत काही नसताना ‘आलंय, आलंय’ असा निरोप मेंदूला जात राहतो. माणूस दिवसातून आठ-दहा वेळा शौचाला पळतो, कुंथतो, आणि पडतं ते चमचाभर शेंबडासारखं किंवा रक्त. पोट साफ झाल्याचं समाधान कधीच मिळत नाही. याला डॉक्टर टेनेसमस म्हणतात, आपण मुरडा म्हणतो. गुदाशय आजारी असल्याचं हे अगदी खास लक्षण आहे, आणि लोक ते ‘पोटाची तक्रार’ म्हणून सांगतात.

आणखी एक गोष्ट इथेच सांगते, कारण पुढचं सगळं तिच्यावर उभं आहे. गुदनलिकेच्या आत साधारण मध्यावर एक दातेरी रेषा असते. तिच्या खालची त्वचा बोटाच्या टोकाइतकी हळवी. तिच्या वरच्या अस्तराला कापल्याची, भाजल्याची वेदना जवळजवळ कळतच नाही. म्हणून खाली लहानशी चीर पडली तरी माणूस कळवळतो, आणि वर मोठा व्रण किंवा गाठ असली तरी कित्येकदा काहीच दुखत नाही. ‘दुखत नाही, म्हणजे साधंच असेल’ हा हिशोब या अवयवाला लागू पडत नाही.

नाव वेगळं, आडनाव वेगळं

प्रॉक्टोपॅथी हा शब्द आडनावासारखा आहे. नुसतं आडनाव सांगितलं तर घराणं कळतं, माणूस कळत नाही. रिपोर्टवर या शब्दाच्या आधी काय छापलंय, ते माणसाचं नाव. मामीच्या कागदावर ते ‘रेडिएशन’ होतं.

या घराण्यात कितीतरी जण आहेत. रेडिएशनने झालेली इजा आहे. शरीराच्या प्रतिकारशक्तीनेच अस्तरावर हल्ला केल्याने होणारा अल्सरेटिव्ह प्रॉक्टायटिस आहे. हा आजार आतड्यात वर पसरतो तेव्हा त्याला अल्सरेटिव्ह कोलायटिस म्हणतात. गनोरिया, क्लॅमिडिया, हर्पिस, सिफिलिस अशा लैंगिक संबंधांतून पसरणाऱ्या संसर्गांनीही गुदाशय सुजतो. संकोचामुळे रुग्ण हे सांगत नाही, डॉक्टर विचारत नाही, आणि भलतेच उपचार चालू राहतात.

मला सर्वांत विलक्षण वाटतो तो उपाशी राहिलेल्या गुदाशयाचा आजार. काही शस्त्रक्रियांनंतर मलाचा मार्ग पोटावर काढलेल्या छिद्रातून वळवतात. गुदाशय जागेवर असतो, पण त्याच्याकडे काहीच येत नाही. मोठ्या आतड्याच्या अस्तराच्या पेशी आपलं बरंचसं पोषण रक्तातून नाही, तर आतल्या जिवाणूंनी तंतूंपासून बनवलेल्या आम्लांतून घेतात. मल येणं थांबलं की हा शिधा तुटतो, अस्तर सुजतं आणि रक्त येऊ लागतं. याला डायव्हर्जन प्रॉक्टायटिस म्हणतात. मार्ग पुन्हा जोडला की बहुधा तो आपोआप बरा होतो. ज्याला आपण घाण म्हणून नाक मुरडतो, त्यातून कुणाचं तरी पोट भरत असतं.

काही नावं तर सरळ दिशाभूल करणारी आहेत. ‘सॉलिटरी रेक्टल अल्सर’ म्हणजे शब्दशः ‘एकटा व्रण’. प्रत्यक्षात अनेकदा व्रण एकापेक्षा जास्त असतात आणि कधी कधी व्रण नसतोच, नुसता लालसर चट्टा असतो. फार कुंथण्याशी आणि आतलं अस्तर खाली सरकण्याशी त्याचा संबंध असतो. प्रॉक्टॅल्जिया फ्युगॅक्स म्हणजे अचानक, बऱ्याचदा रात्री, उठणारी जबर कळ. काही सेकंदांत किंवा मिनिटांत ती जाते आणि तपासणीत काही सापडत नाही. आणि आमण किंवा अंग बाहेर येणं, म्हणजे गुदाशयच खाली घसरून दाराबाहेर येणं, हाही याच घराण्यातला.

आपल्याकडे सगळंच मूळव्याध

मराठीतही असा सगळ्यांना पोटात घेणारा शब्द आहे आणि तो जास्त घातक ठरतो. मूळव्याध.

रक्त पडलं, मूळव्याध. आग झाली, मूळव्याध. खाज, गाठ, पू, बसताना ठणका, सगळं मूळव्याध. खरी मूळव्याध म्हणजे गुदनलिकेतल्या रक्तवाहिन्यांच्या गाद्या फुगणं आणि खाली सरकणं. या गाद्या प्रत्येकाला असतात, दार घट्ट मिटायला त्या मदतच करतात. फुगल्या की त्यांना कोंब किंवा मोड म्हणतात. आतल्या कोंबातून लालभडक रक्त येतं आणि सहसा दुखत नाही, कारण ते दातेरी रेषेच्या वर असतात. कातरल्यासारखं दुखत असेल तर ती बहुधा चीर असते, म्हणजे फिशर. आयुर्वेदातल्या ‘परिकर्तिका’ या शब्दातच चहूबाजूंनी कातरण्याचा अर्थ आहे. बाजूला छिद्र पडून त्यातून वारंवार पू येत असेल तर भगंदर.

आपल्या जुन्या वैद्यांनी हा घोळ केला नव्हता. सुश्रुतसंहितेच्या निदानस्थानात अर्श, म्हणजे मूळव्याध, दुसऱ्या अध्यायात आणि भगंदर चौथ्या अध्यायात, असे दोन वेगळे विषय आहेत. पाश्चात्त्य नावंही दिसेल तशी ठेवलेली: ‘हेमोरॉइड’ म्हणजे रक्त वाहणं, ‘पाइल्स’ म्हणजे गोळे, ‘फिशर’ म्हणजे भेग, ‘फिस्टुला’ म्हणजे नळी. शब्द स्पष्ट होते. आपण ते एका गाठोड्यात बांधले.

नुकसान असं की मूळव्याध हे नाव कानावर पडलं की शोध थांबतो. माणूस ओळखीचं मलम आणतो आणि वाट बघत बसतो. प्रॉक्टोपॅथी या शब्दाचं निदान एक बरं आहे, तो इतका अनोळखी आहे की पुढे विचारावंच लागतं.

प्रॉक्टायटिस आणि प्रॉक्टोपॅथी यांत फरक काय?

मामीच्या जुन्या फाइलमध्ये एका कागदावर ‘रेडिएशन प्रॉक्टायटिस’ होतं आणि नव्या रिपोर्टवर ‘रेडिएशन प्रॉक्टोपॅथी’. मामांना वाटलं, आजार बदलला, बहुतेक वाढला. आजार तोच होता. शब्द बदलला होता, आणि त्यामागे एक खरं कारण आहे.

‘आयटिस’ हा प्रत्यय आपल्याला पाठ आहे. टॉन्सिलायटिस, अपेंडिसायटिस, हिपॅटायटिस. त्याचा अर्थ दाह. लाली, सूज, उष्णता आणि वेदना ही दाहाची चार लक्षणं रोमन लेखक सेल्सस याने इसवी सनाच्या पहिल्या शतकात नोंदवली आणि ती आजही शिकवली जातात. दाह म्हणजे शरीराच्या संरक्षक पेशींनी एखाद्या जागी गर्दी करणं. तिथे लढाई चालू असते.

‘पॅथी’ असा दावा करत नाही. काहीतरी बिघडलंय, एवढंच म्हणते. लढाई चालू असेल वा नसेल.

आता रेडिएशनने काय होतं ते बघा. गर्भाशयाचं मुख आणि पुरुषांमधली प्रोस्टेट ग्रंथी, दोन्ही गुदाशयाच्या अगदी पुढ्यात असतात. लहान आतड्याची वेटोळी पोटात हलत असतात, त्यामुळे किरण दरवेळी त्याच तुकड्यावर पडत नाहीत. गुदाशय मात्र ओटीपोटात जागेला बांधलेला. त्याला बाजूला सरकता येत नाही. त्याची पुढची भिंत सर्वांत जास्त किरण झेलते.

पहिला फटका अस्तराला बसतो. आतड्याचं अस्तर दर काही दिवसांनी नवं होत असतं, आणि ज्या पेशी भराभर वाढतात त्यांना किरण लवकर मारतात. म्हणून उपचार चालू असताना किंवा त्यानंतरच्या तीनेक महिन्यांत जुलाब, मुरडा, आग सुरू होते. इथे खरोखर दाह असतो, इथे प्रॉक्टायटिस हे नाव बसतं. हा त्रास बहुतेकांचा ओसरतो.

दुसरा फटका उशिरा बसतो. तो सहसा उपचारानंतर ९ ते १४ महिन्यांनी दिसतो, कधी कित्येक वर्षांनी. किरणांनी अस्तराखालच्या बारीक रक्तवाहिन्यांनाही इजा केलेली असते. त्या हळूहळू आतून अरुंद होतात, बुजतात. भिंतीला रक्त कमी पडतं, ती पांढुरकी आणि ताठ होते. रक्ताची टंचाई भरून काढायला शरीर घाईघाईने नव्या वाहिन्या काढतं, पण त्या कच्च्या, फुगीर आणि अस्तराच्या अगदी वरवर असतात. घट्ट मल घासून गेला तरी फुटतात. दुर्बिणीतून पाहिलं तर फिकट भिंतीवर लाल कोळ्याच्या जाळ्या पसरल्यासारखं दिसतं. मामीच्या रिपोर्टला जोडलेल्या चार फोटोंत नेमकं तेच होतं. आम्ही ते फोटो उलटे धरून बघत होतो, कुणीतरी सरळ करून दिले.

आणि या भिंतीचा बारीक तुकडा सूक्ष्मदर्शकाखाली ठेवला तर लढणाऱ्या पेशींची गर्दी फारशी दिसत नाही. लढाई कधीच संपलेली असते. उरलेलं असतं ते बुजलेल्या वाहिन्यांचं रान.

शेतातलं उदाहरण घेते. पीक पिवळं पडलं तर दोन कारणं असू शकतात. कीड लागली असेल किंवा पाणी आणणारा पाट गाळाने बुजला असेल. लांबून दोन्ही सारखंच दिसतं. पण पाट बुजलेला असताना कीटकनाशक फवारत राहिलात तर पैसा आणि हंगाम दोन्ही गेले. ‘आयटिस’ म्हटलं की हात दाह कमी करणाऱ्या औषधांकडे जातो. उशिरा होणाऱ्या या त्रासात ती औषधं फारशी कामी येत नाहीत. म्हणून अनेक तज्ज्ञ आता ‘प्रॉक्टोपॅथी’ लिहितात. तो शब्द अधिक प्रामाणिक आहे.

असाच बदल इतरत्रही झालाय. स्नायूला हाडाशी जोडणाऱ्या दोरीच्या जुनाट दुखण्याला पूर्वी टेंडिनायटिस म्हणत. तपासलं तर तिथे दाहापेक्षा झीजच जास्त आढळली. आता त्याला टेंडिनोपॅथी म्हणतात.

गोंधळ मात्र पूर्ण मिटलेला नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या रोगांच्या वर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीत या आजाराचा संकेतांक के ६२.७ असा आहे आणि त्यापुढे ‘रेडिएशन प्रॉक्टायटिस’ असंच लिहिलेलं आहे. त्यामुळे विम्याच्या किंवा बिलाच्या कागदावर एक नाव आणि दुर्बिणीच्या रिपोर्टवर दुसरं, असं सर्रास होतं. मूळव्याधीचंही असंच झालं होतं. याच आवृत्तीत ती आधी रक्ताभिसरणाच्या आजारांत होती, नंतर पचनसंस्थेच्या आजारांत हलवली गेली. तेवढ्याने कुणाचे कोंब बदलले नाहीत.

“नावाने काय फरक पडतो? उपचार झाला की झालं”

मामांनी हे विचारलंच. मी त्यांना एक गोष्ट सांगितली, तीच इथे सांगते.

रक्त जातंय म्हटल्यावर दुर्बिणीने तपासतात आणि संशय आला तर अस्तराचा बारीक तुकडा काढून तपासायला पाठवतात. एरवी ही साधी गोष्ट आहे, ती जखम काही दिवसांत भरून येते. पण रेडिएशनने रक्तपुरवठा तुटलेल्या भिंतीला ती भरून काढायची ताकद राहिलेली नसते. विशेषतः पुढच्या भिंतीचा तुकडा काढला तर व्रण चिघळू शकतो, आणि क्वचित योनीमार्गाशी किंवा मूत्रमार्गाशी आरपार छिद्रही पडू शकतं. म्हणून तिथला तुकडा काढायचा की नाही, हे फार विचार करून ठरवावं लागतं. जुन्या रेडिएशनची माहितीच तपासणाऱ्याला नसेल तर तो विचार कोण करणार?

उपचारही नावाप्रमाणे बदलतात. अल्सरेटिव्ह प्रॉक्टायटिसमध्ये मेसालामाइन या दाह कमी करणाऱ्या औषधाच्या, शौचाच्या जागेतून घालायच्या गोळ्यांनी चांगला गुण येतो. संसर्गाला प्रतिजैविकं किंवा विषाणूवरची औषधं लागतात. रेडिएशन प्रॉक्टोपॅथीत थोडंसं रक्त जात असेल तर कित्येकदा मल मऊ ठेवण्यापलीकडे काही करावं लागत नाही. त्रास जास्त असेल तर सुक्राल्फेट या, जखमेवर थर धरणाऱ्या औषधाचा एनिमा देतात, किंवा दुर्बिणीतून आर्गॉन वायूच्या साहाय्याने त्या कच्च्या वाहिन्या वरच्या वर शेकून बंद करतात. काही रुग्णांना जास्त दाबाच्या बंद खोलीत शुद्ध प्राणवायू देतात, म्हणजे उपाशी भिंतीत चांगल्या रक्तवाहिन्या रुजाव्यात. आडनाव एकच, पण घरागणिक औषध वेगळं.

“म्हणजे कॅन्सर परत आला का?”

हा प्रश्न मामीने विचारला, तोही सगळे उठून गेल्यावर, हळूच.

नाही. प्रॉक्टोपॅथी या शब्दाचा अर्थ कॅन्सर असा होत नाही. रेडिएशन प्रॉक्टोपॅथी म्हणजे ज्या उपचाराने कॅन्सर हटवला, त्या उपचाराची शेजारच्या अवयवाला बसलेली झळ. पण हे मी लगेच जोडून सांगते: गुदाशयाच्या कॅन्सरमध्येही असंच रक्त जातं, असाच मुरडा येतो, आणि पुष्कळदा दुखत नाही. नुसत्या लक्षणांवरून दोन्हींतला फरक घरी बसून कुणालाही करता येत नाही. तो दुर्बिणीनेच कळतो. मामीला धीर देता आला तो दुर्बिणीने बघून झालं होतं म्हणून. शब्दाच्या अर्थावरून धीर दिला असता तर ते खोटं ठरलं असतं.

शौचातून पुन्हापुन्हा रक्त जाणं, शौचाच्या सवयीत काही आठवडे टिकलेला बदल, कारण नसताना घटलेलं वजन, रक्ततपासणीत सापडलेला पंडुरोग, म्हणजे रक्ताची कमतरता. यातलं काहीही असलं, वय कितीही असलं, आधी मूळव्याध निघालेली असली, तरी तपासून घ्यायचं. एकाच माणसाला कोंबही असू शकतात आणि वर दुसरं काही असू शकतं. काळं, डांबरासारखं शौच झालं तर रक्त बहुधा जठराकडून, वरून येत असतं. तिथे वाट बघायचीच नाही.

“डॉक्टर सरळ मराठीत का लिहीत नाहीत?”

मला हा राग समजतो. तो माझाही आहे. पण रिपोर्ट हा एका डॉक्टरने दुसऱ्या डॉक्टरला लिहिलेला निरोप असतो आणि त्यात एकच ठरलेला शब्द लागतो. उद्या मामीला दुसऱ्या गावी, दुसऱ्या राज्यात दाखवायची वेळ आली तर ‘प्रॉक्टोपॅथी’ तिथेही तशीच वाचली जाईल. माझी तक्रार शब्दाबद्दल नाही. कागद हातात देताना तीन मिनिटं थांबून तो शब्द उलगडला गेला नाही, याबद्दल आहे. रेडिएशन संपलं त्या दिवशीच कुणी सांगितलं असतं की ‘वर्षा-दीड वर्षाने रक्त दिसलं तर घाबरू नका, पण कळवा’, तर मामीचे ते पाच महिने तसे गेले नसते.

मराठीत म्हणायचंच झालं तर ‘गुदाशयविकार’ हा शब्द चपखल आहे. विकार म्हणजे बिघाड, दाहाचा दावा नाही. प्रॉक्टायटिसला ‘गुदाशयदाह’. मी माझ्या पत्रकांत हेच वापरते. बोलताना लोक प्रॉक्टोपॅथीच म्हणणार, आणि म्हणू देत. अर्थ कळला म्हणजे झालं.

कागद हातात आला की काय विचारायचं?

पहिला प्रश्न असा: या शब्दाच्या आधी कोणतं विशेषण आहे, म्हणजे कशामुळे झालेली प्रॉक्टोपॅथी? विशेषण नसेल तर समजायचं की शोध अजून अर्धा आहे, आणि तो कधी पूर्ण होणार ते विचारायचं. मग विचारायचं की दाह चालू आहे की जुनी इजा आहे, कारण औषध त्यावर ठरतं. किती भाग व्यापलाय, फक्त गुदाशय की वरही, हेही विचारावं. तपासणी छोट्या नळीने झाली असेल, म्हणजे प्रॉक्टोस्कोपने, तर तिने फक्त खालचे काही सेंटिमीटर दिसतात. वरचं आतडं बघायची गरज आहे का, हे स्पष्ट विचारायला काहीच हरकत नाही.

आणि आपण सांगायचं काय? ओटीपोटावर पूर्वी कधी रेडिएशन घेतलं असेल, दहा वर्षांपूर्वी का असेना, ते आपणहून सांगायचं. रक्त पातळ करणाऱ्या गोळ्या चालू असतील तर त्याही. लैंगिक संबंधांबद्दल विचारलं तर खरं सांगायचं, तो चौकशीचा भाग आहे, चारित्र्याचा दाखला नाही.

मामीवर आर्गॉनचा उपचार दोनदा झाला. रक्त थांबलं. मलमाची ट्यूब तिने टाकून दिली. तिच्या फाइलच्या पहिल्या पानावर आता निळ्या शाईत, तिच्याच गोल अक्षरात एक ओळ आहे: ‘ओटीपोटाला रेडिएशन झालेले आहे. पुढच्या भिंतीचा तुकडा काढण्यापूर्वी विचारावे.’ मध्यंतरी ती वेगळ्याच तक्रारीसाठी दुसऱ्या डॉक्टरकडे गेली होती. त्यांनी फाइल उघडली, ती ओळ वाचली, आणि खुर्ची पुढे ओढून विचारलं, “कधी झालं होतं? नीट सांगा.”